आराखड्यातला निसर्ग : पुण्याच्या टेकड्या, ओढे आणि नद्यांच्या वादाचा आढावा

पुण्यात आपण निसर्गाच्या विरोधात आहोत असे उघडपणे म्हणणारा माणूस शोधूनही सापडणार नाही. टेकडीच्या अंगावरून रस्ता काढू पाहणारे त्या रस्त्याच्या दुतर्फा झाडे लावण्याचा शब्द देतात. नदीकाठी बांध घालणाऱ्या प्रकल्पाच्या नावातच पुनरुज्जीवन आहे. टेकडीवरच्या जमिनीचे मालक म्हणतात, हिरवाई आम्हालाही हवी, फक्त तिची किंमत एकट्या आमच्याकडून वसूल करू नका. तरीही गेली पंचवीस-तीस वर्षे हे शहर टेकड्या, ओढे आणि नद्या यांच्यावरून भांडत आले आहे. महापालिकेच्या सभागृहात, उच्च न्यायालयात, राष्ट्रीय हरित लवादापुढे आणि रस्त्यावरही. निसर्ग सगळ्यांनाच हवा असेल तर भांडण नेमके कशाचे, हा या आढाव्याचा प्रश्न आहे.

'पर्यावरण विरुद्ध विकास' हे नेहमीचे उत्तर मला अपुरे वाटते. त्या उत्तराने बाजू ठरतात, पण वाद कुठे अडतो ते कळत नाही. बारकाईने पाहिले तर मतभेद निसर्ग कशाला म्हणायचे इथपासून सुरू होतो. एका समजुतीप्रमाणे निसर्ग ही जागा आहे. ती मोजता येते, तिला कुंपण घालता येते, नकाशावर हिरव्या रंगात दाखवता येते. दुसऱ्या समजुतीप्रमाणे निसर्ग हे सतत चालू असलेले काम आहे. पाणी मुरते, वाहते, पसरते. गवत वाढते, वाळते, पुन्हा फुटते. आपल्या विकास आराखड्यांना यातली जागा तेवढी ओळखता येते, काम ओळखता येत नाही. पुण्यातले बहुतेक वाद या दोहोंमधल्या फटीत अडकलेले आहेत, असे माझे म्हणणे आहे. ते कितपत टिकते हे पाहण्यासाठी आधी पार्श्वभूमी, मग टेकडी, नदी आणि ओढा या क्रमाने जाऊ.

पार्श्वभूमी

पुण्याने आपल्या पाण्याला हात लावला नाही असा काळ इतिहासात दाखवता येत नाही. अठराव्या शतकात नानासाहेब पेशव्यांच्या कारकिर्दीत कात्रजला तलाव बांधून तिथले पाणी जमिनीखालच्या दगडी नळाने शहरातल्या हौदांपर्यंत आणले गेले. या नळाला जागोजाग उच्छ्वास ठेवलेले होते. त्यांतून आत कोंडलेली हवा बाहेर पडे. पाणी ढकलणारे कोणतेही यंत्र नव्हते, जमिनीचा उतार हेच यंत्र. कात्रजपासून शनिवारवाड्यापर्यंतची जमीन कुठे किती कलते हे ज्यांना अचूक ठाऊक होते त्यांनीच ते काम केले असणार. त्याच काळात गावातून वाहणारा आंबिल ओढा बांध घालून पश्चिमेकडे वळवला गेला आणि पर्वतीच्या पायथ्याशी तळे झाले. आजची सारसबाग त्या तळ्याच्या जागी आहे. इंग्रजांनी १८७९मध्ये मुठेवर खडकवासल्याचे धरण पूर्ण केले आणि लष्कराला पाणी, पूर्वेच्या शेतीला कालवा दिला. आज खडकवासला, पानशेत, वरसगाव आणि टेमघर ही चार धरणे मिळून सुमारे २९ अब्ज घनफूट पाणी अडवतात, आणि मुठेत पाणी कधी व किती सोडायचे हे पाटबंधारे खाते ठरवते.

१२ जुलै १९६१ रोजी बांधकाम अपुरे असलेले पानशेत धरण फुटले, त्याच्या लोंढ्याने खडकवासल्याचा बांधही फुटला आणि नदीकाठच्या पेठा पाण्याखाली गेल्या. त्यानंतर पूरग्रस्तांसाठी ज्या वसाहती उभ्या राहिल्या त्यांतली गोखलेनगर टेकडीच्या पायथ्याशी आहे. पुढे शहर चहूबाजूंनी टेकड्यांकडे सरकत गेले. १९८७च्या विकास आराखड्यात टेकड्यांचे माथे आणि उतार वेगळ्या विभागात टाकले गेले. १९९७मध्ये बाणेर, वारजे, कात्रज, कोंढवा अशी २३ गावे महापालिकेत आली, आणि एरवी शहराबाहेर असलेल्या डोंगररांगा एकाएकी शहराच्या हद्दीतल्या महागड्या जमिनी झाल्या. आजच्या वादाची खरी सुरुवात इथे आहे.

वैचारिक बाजूने पाहिले तर हे शहर तयारीत होते. सत्तरच्या दशकात माधव गाडगीळ आणि वनस्पतिशास्त्रज्ञ वा. द. वर्तक यांनी सह्याद्रीतल्या देवरायांचा अभ्यास पुण्यातूनच सुरू केला. प्रकाश गोळे यांनी १९८२मध्ये इकॉलॉजिकल सोसायटी स्थापली आणि मुळा-मुठेकडे परिसंस्था म्हणून पाहायला शिकवले. 'रानवा'सारख्या संस्थेने नव्वदीच्या अखेरीस शहराच्या जैवविविधतेची नोंद केली. ज्ञान तोकडे होते म्हणून निर्णय चुकले, असे पुण्याच्या बाबतीत म्हणता येणार नाही.

टेकडी कोणाची

१९९७मध्ये आलेल्या गावांच्या आराखड्यात सुमारे ९७८ हेक्टर डोंगरउतारावर जैवविविधता उद्यानाचे आरक्षण टाकले गेले. बीडीपी या आद्याक्षरांनीच ते सगळ्या पुण्याला माहीत आहे. दशकभराहून अधिक काळ त्यावर वाद चालला. काहींचे म्हणणे होते की डोंगरावर अत्यल्प, चार टक्के बांधकाम मुभा म्हणून द्यावे, म्हणजे मालक उरलेली जमीन राखतील. टेकडी बचावच्या कार्यकर्त्यांचे म्हणणे होते की चार टक्क्यांसाठी रस्ता लागतो, रस्त्यासाठी डोंगर फोडावा लागतो, आणि एकदा रस्ता झाला की टक्केवारी कागदावर राहते. अखेर २०१५मध्ये राज्य शासनाने बांधकामाला मनाई ठेवून आरक्षण कायम केले आणि जमीनमालकांना आठ टक्के हस्तांतरणीय विकास हक्क देऊ केले.

मालकांचा आक्षेप त्यानंतरही संपला नाही, आणि तो उडवून लावण्यासारखा नाही. शाळेसाठी, रस्त्यासाठी, बागेसाठी जमीन घेतली तर मिळणारा मोबदला आणि टेकडीसाठी घेतली तर मिळणारा मोबदला यांत एवढी तफावत का, हा त्यांचा सरळ प्रश्न आहे. पिढ्यान्‌पिढ्या वरकस जमीन कसणाऱ्या शेतकऱ्याला एका रात्रीत कळते की त्याची जमीन सगळ्या शहराची फुप्फुसे आहे, आणि फुप्फुसांचा भाव बाजारभावाच्या जवळपासही नाही. उलट बाजूचे उत्तर असे की तीव्र उतारावर बांधकामाचा हक्क मुळात कधी नव्हता. एकास पाचपेक्षा जास्त चढ असलेल्या जमिनीवर बांधकामास नियमानेच बंदी आहे, मग नसलेल्या हक्काची भरपाई कशी मागता येईल? कायद्याच्या अंगाने हे उत्तर मजबूत आहे, व्यवहाराच्या अंगाने लंगडे. मोबदला रखडला की जमीन मालकाकडेच राहते आणि तिच्यावर गुंठ्यागुंठ्याने अनधिकृत घरे चढत जातात. २०२५मध्ये शासनाने बीडीपी आणि डोंगरमाथा-डोंगरउतार या दोन्ही विभागांचा एकत्रित विचार करण्यासाठी अभ्यासगट नेमला. हा प्रश्न सुटलेला नाही याची ती कबुलीच म्हणायची.

तिसरा पक्ष क्वचितच व्यासपीठावर येतो. पर्वतीच्या उतारावर जनता वसाहत आहे. शहराला स्वस्तात राबणारी माणसे हवी होती, त्यांना राहायला जागा मात्र शहराने दिली नाही, म्हणून ती डोंगर चढून गेली. टेकडी वाचवायची म्हणजे त्यांना खाली आणायचे का? आणि कुठे? बंगल्यांच्या सोसायट्यांतून टेकडीवर सकाळी फिरायला जाणाऱ्यांना टेकडी हवी असणे आणि टेकडीवर राहणाऱ्यांना तिथे घर हवे असणे, या दोन्ही गरजा खऱ्या आहेत. पर्यावरणवाद्यांवर मध्यमवर्गीय असल्याचा जो आरोप होतो त्याला इथे आधार मिळतो. मात्र उतार घसरला किंवा वरून पाण्याचा लोंढा आला तर पहिली घरे याच माणसांची जातात. त्यामुळे टेकडी जपणे आणि गरिबांचे हित यांत अटळ विरोध आहे असे मानणेही चुकीचे ठरेल. विरोध आहे तो जवळपास परवडणारी घरे न बांधता टेकडी मोकळी करण्याच्या कल्पनेशी.

बालभारती ते पौड फाटा हा वेताळ टेकडीच्या अंगाने जाणारा सुमारे दोन किलोमीटरचा नियोजित रस्ता आणि त्याच टेकडीखालचे प्रस्तावित बोगदे हा या वादाचा सर्वांत तापलेला भाग. विधी महाविद्यालय रस्त्यावरची कोंडी रोज सोसणाऱ्यांना दुसरा मार्ग हवा आहे. नवा रस्ता नवी वाहने ओढतो आणि काही वर्षांत कोंडी परत येते, असे विरोधक जगभरच्या शहरांचा अनुभव सांगून म्हणतात. २०२३च्या एप्रिलमध्ये वेताळ टेकडीसाठी हजारो पुणेकर रस्त्यावर उतरले. दोन्ही बाजू झाडांची संख्या मोजतात. किती तुटणार, त्याबदली किती लावणार. आणि इथेच माझ्या मते दोघेही एका चुकीच्या मोजपट्टीवर येऊन थांबतात.

टेकडीवर काय असावे

उन्हाळ्यात पुण्याच्या टेकड्या पिवळट-तपकिरी, उघड्या दिसतात. पाहणाऱ्याला वाटते, इथे पूर्वी जंगल होते, माणसाने तोडले, आता आपण लावू या. या कळकळीतून गेल्या चार-पाच दशकांत टेकड्यांवर वृक्षारोपणाच्या लाटा आल्या. लावले गेले ते बहुतांशी चटकन वाढणारे आणि गुरे तोंड न लावणारे झाड, म्हणजे मूळचे मध्य अमेरिकेतले गिरिपुष्प, ज्याला उंदीरमारीही म्हणतात. ते जगले, पसरले, आणि आज अनेक उतारांवर त्याच्या सावलीत दुसरे फारसे काही उगवत नाही.

आता अभ्यासक विचारतात की इथे जंगल होते हे कशावरून? पुणे सह्याद्रीच्या पूर्वेकडच्या पर्जन्यछायेच्या पट्ट्यात आहे. बेसाल्टवर मातीचा थर वीतभर, पाऊस चार महिने, मग आठ महिने कोरडे. अशा जमिनीला शोभते ते माळरान. कुसळी, पवन्या, मारवेल ही गवते आणि त्यांत विरळ उभी सालई, मेडशिंगी, गणेर, हिवर अशी झाडे. पहिल्या पावसानंतर इथे काय होते ते जवळून पाहण्यासारखे असते. कातळाच्या खाचेत साठलेल्या चिमूटभर मातीतून कंदांना अंकुर फुटतात, कंदीलपुष्पासारख्या दुर्मीळ वेली गवताच्या आधाराने चढतात, फुलतात आणि गवत पिवळे पडेपर्यंत पुन्हा जमिनीत जातात. मे महिन्यात त्याच जागी उभ्या राहणाऱ्याला तिथे काहीच नाही असे वाटते, आणि तो खड्डा खणून रोप लावतो.

२०२५मध्ये आशिष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील यांनी 'पीपल अँड नेचर' या नियतकालिकात याविषयी एक लक्षवेधी पुरावा मांडला. शतकानुशतकांच्या मराठी ओव्या, कथा आणि चरित्रग्रंथांत पश्चिम महाराष्ट्रातल्या कोणत्या रानवनस्पतींची नावे येतात हे त्यांनी तपासले. त्यांत माळरानाच्या वनस्पतींचे प्रमाण मोठे निघाले. म्हणजे हा भाग निदान साडेसातशे वर्षे तरी मोकळे गवताळ रान आहे, तोडलेल्या जंगलाचा उरलेला सांगाडा नाही, असा त्यांचा निष्कर्ष. याला हरकत घेता येते. संतांनी आणि कथाकारांनी ज्या वाटा तुडवल्या, जी गावे पाहिली, तिथलीच झाडे त्यांच्या लिखाणात येणार. ओढ्याकाठची दाट राई आणि डोंगरकपारीतले रान नोंदीतून सुटले असेल. ही हरकत रास्त आहे, आणि टेकड्यांच्या घळींमध्ये झाडांची दाटी नैसर्गिकच आहे. पण सरसकट हिरवे करण्याचा आग्रह मात्र यानंतर टिकत नाही. माळरानावर जगणाऱ्या चंडोलाला, तित्तराला, शहराबाहेरच्या माळांवरच्या लांडग्याला आणि खोकडाला दाट लागवड म्हणजे घर गेल्यासारखेच आहे.

दुसऱ्या बाजूने एक प्रामाणिक प्रश्न येतो, आणि मी तो महत्त्वाचा मानतो. पन्नास वर्षांपूर्वी लावलेल्या झाडांखाली आज मोर आहेत, स्थलांतर करणारा नवरंग तिथे उतरतो, लाखो लोकांना सावली मिळते. ते सगळे 'परके' ठरवून तोडायचे का? बहुतेक जाणकारांचे उत्तर सावध आहे. गिरिपुष्प हळूहळू विरळ करावे, त्याच्या जागी स्थानिक झाडे येऊ द्यावीत, आणि जिथे गवत शिल्लक आहे तिथे कुदळ लावू नये. ही भूमिका समंजस आहे. अडचण एवढीच की महापालिकेच्या आणि वनखात्याच्या कामगिरीचे माप लावलेल्या रोपांच्या आकड्यात होते. न लावलेल्या रोपाचा आणि राखलेल्या गवताचा रकाना कोणत्याच अहवालात नसतो.

नदी : काठ की पात्र

नदीच्या वादात हीच फट अधिक रुंद दिसते. मुळा, मुठा आणि संगमानंतरची मुळा-मुठा अशा एकूण सुमारे ४४ किलोमीटर लांबीचे काठ विकसित करण्याचा महापालिकेचा प्रकल्प आहे. आराखडा अहमदाबादच्या साबरमती प्रकल्पाशी संबंधित एचसीपी या संस्थेने केला. खर्चाचा अंदाज आधी सुमारे २,६०० कोटींचा होता, पुढे तो ४,७०० कोटींवर गेला. ६ मार्च २०२२ रोजी पंतप्रधानांच्या हस्ते भूमिपूजन झाले आणि संगम ते बंडगार्डन आणि पुढच्या टप्प्यांत काम सुरू झाले.

प्रकल्पाच्या बाजूचा युक्तिवाद आधी नीट मांडला पाहिजे. मुठा आज नदी म्हणून उरलीच कुठे आहे? धरणातून पाणी सुटते ते पावसाळ्यात. उरलेले महिने पात्रात वाहते ते प्रामुख्याने सांडपाणी. काठांवर राडारोडा टाकला जातो, अतिक्रमणे होतात, आणि माणसे नदीकडे पाठ करून राहतात. नीट बांधलेला, चालता येणारा काठ असेल तर लोक नदीवर येतील, नजर राहील, राडारोडा थांबेल, आणि बांधांमुळे शंभर वर्षांतून एकदा येणारा पूरही आवरता येईल. सांडपाण्यासाठी वेगळा प्रकल्प आहेच. जपानच्या जायका संस्थेच्या साहाय्याने २०१६मध्ये करार झालेला, ११ शुद्धीकरण केंद्रांचा, रोज ३९६ दशलक्ष लिटर क्षमतेचा. दोन्ही मिळून नदी पुन्हा शहराची होईल.

विरोधकांची मांडणी पात्राच्या हिशेबाने जाते. नदीला उन्हाळ्यातली नदी आणि पुरातली नदी अशी दोन रूपे असतात, आणि दुसऱ्या रूपासाठी लागणारी रुंदी वर्षातले बरेच दिवस रिकामी दिसते. ती रिकामी नसते. तिथल्या चिखलात, लव्हाळ्यांत, वाळुंज आणि करंजाच्या मुळांत पाणी गाळले जाते, मासे अंडी घालतात, पक्षी उतरतात. बांध घालून पात्र अरुंद केले तर तेच पाणी उंच चढेल आणि वेगाने धावेल, आणि बांधामागे साठणारे पावसाचे पाणी नदीत उतरायला वाट शोधत बसेल. 'जीवित नदी'सारखे गट म्हणतात, आधी सांडपाणी थांबवा, नदी बरीचशी स्वतःच सुधारते, मग काठाचे पाहू. नदीपात्रातल्या बांधकामाचे प्रश्न हरित लवादापुढे यापूर्वीही गेले आहेत. विठ्ठलवाडीहून वारज्याकडे पात्रातून काढलेला रस्ता हटवण्याचा आदेश लवादाने २०१३मध्ये दिला होता, आणि सध्याच्या प्रकल्पाच्या पर्यावरण मंजुरीलाही तिथे आव्हान दिले गेले.

दोन्ही बाजू निळ्या आणि लाल पूररेषेचा आधार घेतात. निळी पंचवीस वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल शंभर वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. पण रेषा काढली जाते ती एका गृहीत विसर्गावर आणि एका वर्षीच्या पात्रावर. २५ जुलै २०२४ रोजी खडकवासल्यातून ३५ हजार क्युसेकच्या घरात पाणी सुटले आणि सिंहगड रस्त्यावरची एकतानगरी पाण्यात गेली. हा विसर्ग निळ्या रेषेसाठी गृहीत धरलेल्या विसर्गापेक्षा बराच कमी होता. त्या दिवशी शहरातही मुसळधार पाऊस झाला हे खरे. पात्रातला भराव, पुलांचे खांब, ओढ्यांचे पाणी यांतल्या कशाचा वाटा किती, यावर एकमत नाही. पण नकाशावरची रेषा आणि प्रत्यक्ष पाणी यांची ताटातूट झाली होती, हे नाकारता येणार नाही.

बाहेरची दोन उदाहरणे नेहमी दिली जातात, ती तपासून घेऊ. साबरमतीचा काठ देखणा झाला आणि तिथे लोक येतात. पण अहमदाबादेत दिसणारे पाणी वासणा बंधाऱ्याने अडवलेले आणि नर्मदेच्या कालव्यातून आणलेले आहे. पुण्याला आणायला दुसरी नर्मदा नाही. नेदरलँड्सने 'रूम फॉर द रिव्हर' या कार्यक्रमात उलट दिशा धरली. नायमेखेन शहराजवळ त्यांनी बांध सुमारे ३५० मीटर मागे नेला आणि नदीला जादा वाट खोदून दिली. हे उदाहरण देणाऱ्यांनी त्याची किंमतही सांगितली पाहिजे. तिथे सुमारे पन्नास घरे हलवावी लागली, आणि ते साध्य झाले ते प्रदीर्घ वाटाघाटी व पुरेसा मोबदला यांमुळे. पुण्यात काठ मागे घ्यायचा तर हलणारी घरे कोणाची असतील, हे आपल्याला आधीच ठाऊक आहे.

ओढा

टेकडीचा वाद आणि नदीचा वाद वेगवेगळे चालतात. वेगळ्या समित्या, वेगळे दावे, वेगळे कार्यकर्ते. ओढा या दोहोंना जोडतो, म्हणून मला तो या सगळ्या प्रश्नाची किल्ली वाटतो. पुण्याखालचा कातळ हा लाव्हाच्या एकावर एक साचलेल्या थरांचा आहे. काही थर घट्ट, त्यांत पाणी शिरते ते फक्त भेगांतून. काही थर सच्छिद्र, हवेचे बुडबुडे गोठून राहिल्याने पोकळ्यांनी भरलेले, त्यांत पाणी साठते. घाटातल्या किंवा रस्त्यासाठी कापलेल्या कोणत्याही दरडीवर हे थर उघड दिसतात, आणि पावसाळ्यानंतर दोन थरांच्या सांध्यातून पाणी झिरपताना दिसते. टेकडीवर पडलेला पाऊस या वाटेने मुरतो, उतारावर झऱ्यांनी बाहेर येतो, त्यांचे ओहळ होतात, ओहळांचे ओढे आणि ओढ्यांची नदी. हिमांशु कुलकर्णी यांच्या 'अ‍ॅक्वाडॅम' संस्थेने रामनदीच्या खोऱ्यात आणि शहराच्या इतर भागांत या भूजलसाठ्यांचा अभ्यास करून पुनर्भरणाच्या जागा दाखवून दिल्या आहेत. टँकर आणि बोअरवेलवर तगणाऱ्या सोसायट्यांसाठी हा अभ्यास थेट पोटापाण्याचा आहे.

आराखड्यात मात्र टेकडी हिरवी असते, नदी निळी असते आणि ओढा बहुतेक वेळा नाला असतो. तो वळवता येतो, सरळ करता येतो, झाकता येतो. २५ सप्टेंबर २०१९च्या रात्री कात्रजच्या डोंगरांवर कोसळलेला पाऊस आंबिल ओढ्याने खाली आणला. अरण्येश्वर, सहकारनगर, टांगेवाले कॉलनी या भागांत भिंती पडल्या, गाड्या वाहून गेल्या. शहर आणि परिसरात त्या रात्री वीसहून अधिक माणसे गेली. पूर नदीचा नव्हता. नदीच्या पूररेषांनी त्या घरांना कधी धोक्यात गणलेच नव्हते. २०२१च्या जूनमध्ये दांडेकर पुलाजवळच्या आंबिल ओढा वसाहतीतली घरे ओढा सरळ करण्यासाठी पाडायला सुरुवात झाली आणि त्याच दिवशी न्यायालयाने स्थगिती दिली. ओढ्याला जागा द्यायला हवी हे खरे, आणि ती जागा नेहमी वस्तीतूनच का मिळवायची, वरच्या अंगाला ओढ्यात घुसलेल्या इमारतींच्या भिंतींतून का नाही, हा वस्तीतल्या लोकांचा सवालही खरा.

राखणार कोण

आतापर्यंतच्या भूमिका शासन, मालक, रहिवासी आणि अभ्यासक यांच्या. आणखी एक भूमिका आहे, तिचे मूळ देवरायांच्या अभ्यासात आहे. गाडगीळ आणि वर्तक यांना दिसले की सरकारी जंगले विरळ होत असताना गावांनी देवाच्या नावाने राखलेले छोटे तुकडे शाबूत आहेत, आणि इतरत्र दिसेनाशा झालेल्या वनस्पती तिथे टिकून आहेत. त्यातून गाडगीळांनी आयुष्यभर एकच आग्रह धरला. निसर्ग राखायचा तर तो स्थानिक लोकांच्या हाती द्या, वरून नियम लादू नका. २०११मध्ये त्यांच्या अध्यक्षतेखालील समितीने पश्चिम घाटाविषयी दिलेला अहवाल ग्रामसभांशी चर्चा करून पुढे जाण्याच्या बाजूचा होता. त्यानंतरच्या कस्तुरीरंगन समितीने घाटाचा सुमारे ३७ टक्के भाग संवेदनशील ठरवण्याची शिफारस केली. अधिसूचनेचे मसुदे मात्र निघतच राहिले. सहावा मसुदा ३१ जुलै २०२४ रोजी आला. आदल्याच दिवशी केरळात वायनाडचा डोंगर कोसळला होता, आणि बरोबर दहा वर्षांपूर्वी, ३० जुलै २०१४ला, पुणे जिल्ह्यातले माळीण गाव दरडीखाली गेले होते.

शहरात ही भूमिका लागू पडते का? शंका घेणारे म्हणतात, देवराई राखणारे गाव एकजिनसी होते, दैवताचा धाक होता, आणि त्या धाकात जातीच्या उतरंडीचाही वाटा होता. शहरात असा समूह नाही. शिवाय स्थानिक लोक आणि निसर्ग यांचे हित नेहमी एक असते असे नाही. टेकडीवर बांधकाम मागणारे मालकही स्थानिकच आहेत. हा आक्षेप मला अर्धा पटतो. धाक परत आणता येणार नाही आणि आणूही नये. पण देवराई टिकण्यामागे श्रद्धेइतकीच एक साधी व्यवस्था होती. राखण कोणाची, लाकूड कधी आणि कशासाठी उचलायचे, नियम मोडला तर कोणापुढे उभे राहायचे, हे गावात प्रत्येकाला माहीत होते. पुण्याच्या टेकडीवर वनखाते, महापालिका, खासगी मालक आणि हौशी गट यांच्या हद्दी एकमेकांत घुसलेल्या आहेत. वणवा लागला तर फोन कोणाला करायचा इथपासून सुरुवात होते. नदीवर पाटबंधारे खाते, महापालिका आणि प्रदूषण नियंत्रण मंडळ. ओढ्यावर तर बहुतेक वेळा कोणीच नाही.

दोन आक्षेप

या सगळ्या मांडणीवर दोन गंभीर हरकती येतात. पहिली अशी की कात्रजच्या नळापासून खडकवासल्यापर्यंत माणसाचा हात लागला नाही असे काहीच उरले नसताना, निसर्ग वाचवा म्हणण्याला अर्थ काय? टेकडी लावलेली, नदी सोडलेली, ओढा वळवलेला. शुद्ध, अस्पर्श निसर्गाची कल्पना उराशी धरली तर ही हरकत बिनतोड आहे. अमेरिकेत विल्यम क्रोनन यांनी १९९५मध्ये अशाच कल्पनेवर टीका केली होती. पण निसर्गाला काम मानले की हरकत गळून पडते. पेशव्यांच्या कारागिरांनी ओढा वळवला तेव्हाही पाणी उताराने जाते हे त्यांनी गृहीत धरले होते. हात लावण्यावर आक्षेप नाही. ज्या कामावर आपण अवलंबून आहोत ते बंद पाडण्यावर आहे.

दुसरी हरकत खर्चाची. शहरात रोज माणसे येत आहेत, त्यांना घरे, रस्ते, पाणी हवे, आणि पुराची रुंदी व डोंगराचा उतार रिकामा ठेवणे ही चैन आहे, असे नियोजनकार म्हणतात. यात तथ्य आहे, आणि टेकडीप्रेमींनी दाट, परवडणाऱ्या वस्तीच्या आणि सार्वजनिक वाहतुकीच्या बाजूने तितक्याच जोराने उभे राहिल्याशिवाय त्यांच्या म्हणण्याला वजन येणार नाही. मात्र रिकामे ठेवण्याची किंमत मोजताना भरून टाकण्याची किंमतही त्याच पानावर लिहिली पाहिजे. टँकर, पडलेल्या भिंती, बंद पडलेले रस्ते, गेलेली माणसे. आज हे दोन हिशेब दोन वेगळ्या खात्यांत असतात आणि दुसरा बहुधा कोणी मांडतच नाही.

काय अनिर्णित आहे

टेकडीच्या मोबदल्याचा न्याय्य दर ठरलेला नाही, आणि तो ठरेपर्यंत बीडीपीचा बराचसा भाग नकाशावरच राहील. सांडपाणी पूर्ण शुद्ध झाल्यावर मुठेची काय अवस्था असेल हे अजून कोणी पाहिलेले नाही. त्यामुळे काठाच्या कामाची गरज किती, हा प्रश्न पुराव्याआधीच निकालात निघतो आहे. धरणांतून उन्हाळ्यातही नदीसाठी थोडे पाणी सोडावे का, यावर शहर, शेती आणि खालच्या अंगाचे उजनी धरण यांच्यात चर्चाच झालेली नाही. माळरान आणि लागवड यांच्यातला समतोल अभ्यासकांच्या वर्तुळातून महापालिकेच्या निविदेपर्यंत पोचलेला नाही.

आणि सर्वांत मोठा प्रश्न आता शहराच्या कडेला उभा आहे. २०१७मध्ये ११ आणि २०२१मध्ये २३ गावे महापालिकेच्या हद्दीत आली. १९९७मध्ये जे घडले त्याचीच ही पुढची फेरी, फक्त या वेळी डोंगर अधिक उंच, ओढे अधिक आणि जमिनीचे भाव कैक पटींनी चढलेले. गाव महापालिकेत आले की ग्रामपंचायत विसर्जित होते आणि ग्रामसभाही संपते. गायरान, पाणंद, ओढा यांवर जिथे निदान भांडता येत होते ती जागा जाते, आणि त्या जागी येते ती हरकती-सूचनांची मुदत. या गावांतले सगळे ओढे, पहिल्या पावसातच दिसणारे छोटे ओहळसुद्धा, इमारतींचे नकाशे मंजूर होण्याआधी जमिनीवर फिरून नोंदवायचे असतील तर ते काम कोणी करायचे, आणि त्या नोंदीला आराखड्यात कायद्याचे बळ कसे द्यायचे, याचे उत्तर आज ना महापालिकेकडे आहे, ना तिला विरोध करणाऱ्या संस्थांकडे.